उतरवून घेणे

मराठीत ‘उतरवून घेणे’ हे क्रियापद जुने आहे. पोथी उतरवून घेत, जमिनीच्या दप्तरातून उतारा काढत, वर्गात फळ्यावरचे गणित उतरवून घेत. एका जागी असलेला मजकूर दुसऱ्या जागी जसाच्या तसा नेणे, आणि नेताना पहिल्या जागी काही उणे न करणे, असा त्या शब्दाचा अर्थ. पुढे महाजाल आले आणि त्याबरोबर ‘डाऊनलोड’ हा शब्द आला. बोलण्यात तो तसाच राहिला. जालावर मराठी लिहिणाऱ्या मंडळींनी मात्र लेखनात त्याच्यासाठी हेच जुने क्रियापद कामाला लावले. ही केवळ भाषिक सोय होती, की नव्या कृतीत जुन्या कृतीचे काही शिल्लक होते? हा प्रश्न आम्हाला अनेक वर्षे पडलेला आहे. साहित्याच्या अभ्यासकांनी त्याकडे लक्ष द्यावे असे वाटते, म्हणून हा लेखनप्रपंच.

आमचे वास्तव्य कर्वेनगरात. महर्षी कर्वे यांनी १८९६ साली स्थापन केलेला अनाथ बालिकाश्रम १९०० साली ज्या हिंगण्यास आला, त्याच्या आजूबाजूला वाढलेली ही वस्ती. त्या शिक्षणसंस्थेचे मुलींचे अभियांत्रिकी महाविद्यालय १९९१ पासून येथे आहे. त्यामुळे २००० नंतरच्या दशकात येथील गल्ल्यांतून संगणक जोडून देणारी दुकाने, सायबर कॅफे आणि खोल्या घेऊन राहणाऱ्या अभियांत्रिकीच्या विद्यार्थिनी यांची वानवा नव्हती. मराठी वाङ्मयाचा जुना ग्रंथ हवा असेल तर मात्र शहरात जावे लागे: पुणे मराठी ग्रंथालय, पुणे नगर वाचन मंदिर, भारत इतिहास संशोधक मंडळ, नाहीतर थेट विद्यापीठातील जयकर ग्रंथालय. ग्रंथ असला तरी तो जीर्ण म्हणून बाहेर मिळत नसे, आणि तेथे बसून जेवढे उतरवता येईल तेवढेच आपले होत असे.

त्या सुमारास डिजिटल लायब्ररी ऑफ इंडिया हा प्रकल्प जालावर दिसू लागला. कार्नेगी मेलन विद्यापीठाचे राज रेड्डी यांनी दहा लाख ग्रंथांच्या प्रतिमा तयार करून त्या सर्वांना खुल्या कराव्यात असा संकल्प मांडला होता. भारतात बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतील एन. बालकृष्णन यांनी त्याची धुरा वाहिली. देशभरातील केंद्रांतून ग्रंथांची पाने इंचाला ६०० ठिपके या सूक्ष्मतेने टिपली जात. त्यात मराठी ग्रंथही हजारोंनी होते. ज्या पुस्तकांची नावे आम्ही केवळ शं. ग. दाते यांच्या ‘मराठी ग्रंथसूची’त वाचली होती, त्यांची मुखपृष्ठे एकाएकी पडद्यावर उमटू लागली. तो आनंद आजच्या विद्यार्थ्यांना समजावून सांगणे कठीण आहे.

मात्र ग्रंथ दिसणे आणि ग्रंथ मिळणे यांत अंतर होते. प्रत्येक पान ही एक स्वतंत्र टिफ फाइल होती. तिचे नाव म्हणजे आठ अंकी क्रमांक: पहिल्या पानाला सात शून्ये आणि एक, दुसऱ्याला सात शून्ये आणि दोन. न्याहाळकाला अशी प्रतिमा स्वतःहून दाखवता येत नसे, त्यासाठी वेगळी जोडणी बसवावी लागे. संपूर्ण ग्रंथ एका टिचकीत घेण्याची सोय नव्हती. ३०० पानांचा ग्रंथ हवा असेल तर ३०० वेळा तीच कृती करायची. जो मनुष्य हे करील तो लेखनिकच म्हणायचा. फरक एवढाच, की त्याच्या हातात बोरूऐवजी माउस.

संगणकाला हे काम सांगता येते, हे आम्हाला शेजारी राहणाऱ्या अभियांत्रिकीच्या एका विद्यार्थिनीने दाखवले. त्यासाठीचे साधन फुकट होते आणि आजही आहे. क्रोएशियातील ह्रवोये निक्शिच यांनी १९९६ साली लिहिलेला डब्ल्यूगेट हा छोटा कार्यक्रम नेमका संथ आणि बेभरवशाच्या जोडणीसाठी घडवलेला होता. त्याला पत्ता द्यायचा, तो तेथील फाइल आणून ठेवतो. मध्येच जोडणी तुटली तर पुन्हा प्रयत्न करतो, आणि सांगितले तर अर्ध्यावर राहिलेली फाइल तुटली तेथून पुढे घेतो. पत्त्यांची रांग लिहून दिली की झाली आज्ञावली.

अडचण निराळीच होती. आमच्याकडचा संगणक सुटे भाग जोडून घेतलेला, विंडोज ९८ चालवणारा, ६४ एमबी स्मृतीचा आणि ४ जीबी तबकडीचा. एक ते तीनशे असे मोजत जाण्याची आज्ञा विंडोज एनटीच्या वंशातील संगणकांना ठाऊक होती. विंडोज ९८ च्या आज्ञापटलाला ती नव्हती.

“काका, ह्याला मोजताच येत नाही. आपणच मोजून द्यायचं,” ती म्हणाली.

“तीनशे ओळी हाताने लिहू म्हणतेस?”

“हाताने कशाला? एक्सेल आहे की. त्याला मोजू दे, हा नुसता आणेल.”

आणि तसेच झाले. एका स्तंभात आज्ञा, दुसऱ्यात पत्त्याचा स्थिर भाग, तिसऱ्यात आठ अंकी क्रमांक, चौथ्यात फाइलचा प्रकार. स्तंभ जोडून झालेल्या तीनशे ओळी साध्या मजकुराच्या फाइलीत ठेवायच्या आणि त्या फाइलीला बॅच फाइलचे नाव द्यायचे. एक कार्यक्रम मोजणार, दुसरा आणणार. पुढे दुसरा ग्रंथ घ्यायचा झाला की पत्त्याचा स्थिर भाग आणि शेवटचा क्रमांक एवढेच बदलायचे. मराठीच्या अभ्यासकाने आयुष्यात लिहिलेले हे पहिले तंत्रज्ञ वाक्य, आणि त्यात एकही क्रियाविशेषण नव्हते.

यात वेळेचा हिशेब होता, आणि तो समजून घेतल्याशिवाय त्या काळातील आज्ञावलीचे महत्त्व कळणार नाही. कृष्णधवल टिफचे एक पान साधारण ६० केबीचे धरले तर ३०० पानांचा ग्रंथ १८ एमबीचा होतो. दूरध्वनीच्या तारेवरील जोडणी प्रत्यक्षात सेकंदाला ४ केबी देत असे असे धरले, तर एका ग्रंथाला सव्वा तास लागणार. तेवढा वेळ घरातील दूरध्वनी बंद, आणि प्रत्येक मिनिटाचे मोल वेगळे. २००५ च्या जानेवारीत बीएसएनएलची ब्रॉडबँड सेवा सुरू झाली आणि चित्र पालटले. तिच्या काही योजनांत पुढे रात्री २ ते सकाळी ८ हा वापर मोजणीबाहेर असे. सेकंदाला २५६ किलोबिट या वेगाने सहा तासांत जास्तीत जास्त पावणेसातशे एमबी उतरतात, म्हणजे जवळजवळ नेमकी एक सीडी. पहाटे दोनला कोण उठून बसणार? म्हणून विंडोजच्या वेळापत्रकात बॅच फाइल नोंदवून ठेवायची आणि निजायचे. कर्वेनगरातील कितीतरी खोल्यांतून त्या वर्षांत पडदा मिटलेला आणि पंखा घुमत असलेला संगणक रात्रभर असा राबत असे. बुधवारची रात्र तेवढी बेताने योजावी लागे, कारण पुण्यात गुरुवार हा वीजवाहिन्यांच्या दुरुस्तीचा वार.

येथे एक शिष्टाचारही होता. यंत्राला दम लागत नाही. ते एका मागून एक अशी शेकडो मागणी करू शकते आणि पलीकडच्या सर्व्हरवर त्यामुळे इतर वाचकांची वाट अडते. डब्ल्यूगेटला दोन मागण्यांच्या मध्ये ठरावीक सेकंद थांबायला सांगता येते. सार्वजनिक नळावर आपली घागर किती वेळ ठेवावी याची जी समज असते, तीच येथे लागते. आम्ही दोन पानांमध्ये पाच सेकंदांचे अंतर ठेवत असू. ३०० पानांस त्यामुळे पंचवीस मिनिटे जास्त जात, पण रात्र मोठी होती.

असो. सकाळी उठून पाहावे तर खिडकीत अक्षरांची रांग थांबलेली असे आणि कप्प्यात तीनशे फाइली असत. ग्रंथ आला, असे समजावे काय? कधीकधी पलीकडचा सर्व्हर मागितलेले पान नसल्यास तसे स्पष्ट न सांगता दिलगिरीचे एक छोटे पान पाठवतो. आपली आज्ञावली निमूटपणे त्यालाच टिफचे नाव देऊन ठेवते. नावाने तीनशे फाइली, त्यांत सात पाने दिलगिरीची. म्हणून फाइलींची मापे पाहावी लागतात. ६० केबींच्या रांगेत १ केबीची फाइल लगेच डोळ्यांत भरते. याहून सूक्ष्म खूणही आहे. अस्सल टिफ फाइलचा आरंभ नेहमी ठरावीक अक्षरांनी होतो, जसा आपल्याकडे पोथीचा गणेशवंदनाने होतो. ती अक्षरे नसतील तर आत दुसरेच काही आहे असे समजावे.

येथवर आल्यावर आम्हाला जुन्या लेखनिकांची आठवण होणे अपरिहार्य होते. पोथ्यांच्या अखेरीस जी पुष्पिका असते, तिच्यात कोणी, कोठे, कोणत्या शकात, कोणासाठी ही प्रत उतरवली हे लिहिलेले असते. जसे समोर दिसले तसे लिहिले, चूकभूल असल्यास माझ्या माथी मारू नये, अशी विनवणीही बहुधा असते. अध्यायाच्या शेवटी श्लोकांची वा ओव्यांची संख्या दिलेली असते, ती मिळवली की मधले काही गळले का ते कळते. संस्कृत पोथ्यांच्या व्यवहारात तर ग्रंथाचा विस्तार ३२ अक्षरांचे एक एकक धरून मोजत. त्या एककालाच ‘ग्रंथ’ म्हणत, आणि लेखनिकाचे वेतन त्यावर ठरवता येई. संगणकाच्या जगात फाइल जशीच्या तशी आली का हे तपासण्यासाठी तिच्यातील सर्व मजकुरावरून गणिताने एक मुद्रा काढतात. १९९२ साली प्रसिद्ध झालेल्या एमडी-५ या पद्धतीत ती मुद्रा ३२ अक्षरांची असते. हा निव्वळ योगायोग आहे हे उघड आहे. पण मोजून खात्री केल्याशिवाय प्रत ही प्रत नव्हे, हा विचार दोन्हीकडे एकच आहे, आणि तो योगायोग नाही.

प्रतीची काळजी न घेतल्यास काय होते हे मराठीइतके क्वचितच कोणाला ठाऊक असेल. ज्ञानेश्वरीच्या प्रतींत अपपाठ शिरले म्हणून एकनाथांनी शके १५०६ मध्ये, म्हणजे १५८४ साली, तिचे शुद्धीकरण केले आणि पुढच्यांनी त्यात आपली ओवी घालू नये अशी ताकीद दिली. ‘लीळाचरित्रा’ची कथा याहून कठोर. म्हाइंभटांची मूळ प्रत धामधुमीत नाहीशी झाली आणि अनुयायांनी तो ग्रंथ स्मरणातून पुन्हा उभा केला, असे महानुभावांची परंपरा सांगते. पाठभेदांचे जे जाळे आज अभ्यासकापुढे असते, त्याचे मूळ तेथे आहे. एकच प्रत असणे म्हणजे प्रत नसण्याच्या एक पायरी अलीकडे असणे.

हे वाक्य आम्ही पूर्वी पुस्तकी अर्थाने लिहिले असते. ५ जानेवारी २००४ रोजी भांडारकर प्राच्यविद्या संशोधन संस्थेवर हल्ला झाला, ग्रंथांची आणि हस्तलिखितांची नासधूस झाली, तेव्हापासून पुण्यातील वाचकाला ते पुस्तकी राहिले नाही. ज्या संस्थेने १९१९ ते १९६६ इतका काळ खपून महाभारताची चिकित्सक आवृत्ती सिद्ध केली, तिची वास्तू कर्वेनगरापासून फार दूर नाही. ती आवृत्ती शक्य झाली ती देशाच्या कानाकोपऱ्यांत असंख्य अनाम हातांनी महाभारत उतरवून ठेवले होते म्हणून. ज्यांनी ते उतरवले त्यांतील प्रत्येकाने त्याचे चिंतन केले असेल असे नाही. पोटासाठी लिहिणारा लेखनिकही तेथे होता. त्याच्या न समजता केलेल्या नकलेलाही पाठचिकित्सेत स्थान मिळते, किंबहुना अतिशहाण्या लेखनिकापेक्षा ती कधी अधिक विश्वासाची ठरते, कारण त्याने मध्ये काही सुधारले नाही. आज्ञावली ही अशीच अनाकलनशील, म्हणूनच प्रामाणिक नक्कलनवीस आहे.

नकलेचा आणखी एक धडा आम्हाला टिफ प्रतिमांनी नव्हे तर मजकुराच्या फाइलींनी दिला. १९९० च्या दशकाच्या उत्तरार्धात आणि त्यानंतरही काही वर्षे जालावरील पुष्कळसे मराठी युनिकोडात नव्हते. इंग्रजी अक्षरांच्या घरांत देवनागरीच्या आकृत्या बसवलेले टंक वापरात होते, आणि प्रत्येक टंकाची बसवण निराळी. आयएससीआयआय हे भारतीय लिप्यांचे प्रमाणक १९९१ साली झाले होते, पुण्याच्या सी-डॅकने भारतीय भाषांसाठी प्रदीर्घ काम केले होते. पण संकेतस्थळे आपापल्या टंकाने चालत. विंडोजमध्ये युनिकोड देवनागरीचा आधार आला तो २००० च्या आवृत्तीपासून. विंडोज ९८ ला तो नव्हता. त्या काळी कोणी एखादे मराठी संकेतस्थळ आज्ञावलीने पूर्ण उतरवून घेतले असेल आणि टंक मात्र घ्यायचा राहिला असेल, तर आज त्या फाइलींत रोमन अक्षरे, चिन्हे आणि प्रश्नचिन्हे यांची खिचडी दिसेल. महानुभावांनी आपले ग्रंथ सकळ लिपीत झाकून ठेवले आणि विसाव्या शतकाच्या आरंभी ती लिपी उलगडेपर्यंत मराठी अभ्यासक त्या वाङ्मयाला मुकले होते. आपल्या पिढीने तेच केले, फक्त हेतू नसताना. मजकुराबरोबर त्याची किल्लीही उतरवून घ्यावी लागते.

आता हक्काचा प्रश्न. तो टाळून हा विषय पुरा होत नाही, आणि साहित्याच्या शिक्षकांनी तर तो टाळूच नये. भारतीय कायद्यानुसार लेखकाच्या हयातीत प्रसिद्ध झालेल्या ग्रंथाचा स्वामित्वहक्क त्याच्या मृत्यूनंतर, पुढल्या वर्षाच्या आरंभापासून ६० वर्षे टिकतो. पूर्वी ही मुदत ५० वर्षांची होती; रवींद्रनाथांच्या वाङ्मयाचा हक्क १९९१ अखेर संपणार असताना ती वाढवली गेली आणि १९९२ च्या दुरुस्तीने कायम झाली. म्हणजे २००६ साली ज्याला निःशंकपणे उतरवून घ्यायचे होते त्याच्यासाठी १९४५ अखेरपर्यंत निवर्तलेले लेखक मोकळे होते: विष्णुशास्त्री चिपळूणकर, हरिभाऊ आपटे, वि. का. राजवाडे, लक्ष्मीबाई टिळक, श्री. व्यं. केतकर. साने गुरुजी १९५० साली गेले, त्यांचे वाङ्मय १ जानेवारी २०११ रोजी सर्वांचे झाले. ज्यांच्या नावाने आमचे उपनगर ओळखले जाते ते धोंडो केशव कर्वे १९६२ च्या नोव्हेंबरात निवर्तले. १९१५ सालचे त्यांचे ‘आत्मवृत्त’ स्वामित्वातून मुक्त झाले ते १ जानेवारी २०२३ रोजी, ग्रंथ निघाल्याला शतक उलटून गेल्यावर.

आज्ञावलीला यातले काहीच ठाऊक नसते. तिला क्रमांक कळतो, लेखकाचा मृत्युशक कळत नाही. म्हणून रांग लावण्याआधी दात्यांची सूची आणि चरित्रकोश उघडून बसणे हा आमच्या कामाचा भाग होता, आणि त्या बसण्यातून जेवढा वाङ्मयेतिहास आम्हाला कळला तेवढा व्याख्यानांतून कळला नव्हता. अवघड प्रश्न उरतो तो ज्यांचा मृत्युशकच सापडत नाही अशांचा. एखादे पुस्तक लिहून अंधारात गेलेल्या लेखिका, टोपणनावाचे कादंबरीकार, जिल्ह्याच्या गावातील छापखान्याने काढलेल्या चोपड्या. त्यांचा हक्कदार सापडत नाही, प्रकाशन केव्हाच बंद झालेले असते, आणि कागद कोणाची वाट पाहत नाही. कायदा ज्याचे रक्षण करू इच्छितो तो मनुष्य येथे कोठेच नसतो. नष्ट होत असलेला ग्रंथ तेवढा समोर असतो.

या प्रश्नाची किंमत पुढे सर्वांनाच मोजावी लागली. २०१७ च्या सुमारास डिजिटल लायब्ररी ऑफ इंडियाचे संकेतस्थळ बंद झाले. त्यावर हक्क शिल्लक असलेलेही ग्रंथ होते आणि स्वामित्वहक्काचा भंग हे कारण देण्यात आले. हक्क संपलेले ग्रंथही त्याबरोबर दिसेनासे झाले. जुन्या प्रबंधांतून, लेखांतून दिलेले दुवे एका दिवसात आंधळे झाले. सुदैवाने तोवर एक मोठे उतरवणे होऊन गेले होते. पब्लिक रिसोर्स या अमेरिकी संस्थेचे कार्ल मालामूद यांनी त्यातील चार लाखांहून अधिक ग्रंथ इंटरनेट आर्काइव्हवर नेऊन ठेवले होते. तेथे त्या ग्रंथांच्या ओळखनामात मूळ ग्रंथालयाच्या पत्त्याची आद्याक्षरे आणि २०१५ हा आकडा आजही वाचता येतो. ही यंत्राने नकळत लिहिलेली पुष्पिकाच आहे. ती नसती तर हे ग्रंथ कोठून आले हे दहा वर्षांनी कोणाला सांगता आले नसते.

तरी निश्चिंत व्हावे असे काही नाही. ऑक्टोबर २०२४ मध्ये इंटरनेट आर्काइव्हवरच सायबरहल्ला झाला आणि ते काही दिवस बंद राहिले. त्या दिवसांत ज्या अध्यापकाला शंभर वर्षांपूर्वीची कादंबरी वर्गात दाखवायची होती, त्याच्याजवळ स्वतःची प्रत असेल तरच ती दाखवता आली. दुवा म्हणजे प्रत नव्हे, एवढे यातून शिकण्यासारखे आहे. आज आपण सर्वजण दुव्यांवर विसंबतो. पूर्वी जोडणी संथ होती म्हणून उतरवून ठेवावे लागे. आता वेग एवढा आहे की उतरवण्याची गरजच वाटत नाही. अभावाने जी सवय लावली होती ती विपुलतेने मोडली.

जुन्या संगणकांसाठी तर दारच बंद झाले. महाजालाने आपले सारे व्यवहार सांकेतिक कवचाआड नेले, ते योग्यच झाले. पण त्या कवचाच्या जुन्या आवृत्त्या मार्च २०२१ मध्ये औपचारिकरीत्या बाद ठरल्या, आणि त्याच वर्षी ३० सप्टेंबरला एक बहुप्रचलित मूळ प्रमाणपत्र मुदतबाह्य होताच कितीतरी जुनी यंत्रे सुस्थितीत असूनही जालाबाहेर पडली. त्या काळची बॅच फाइल आज विंडोज ९८ वर चालवली तर पहिल्याच ओळीला नकार येतो. पत्ता बदलला आहे, द्वारपालाची भाषा बदलली आहे, आणि यंत्राला ती शिकवणारा कोणी उरलेला नाही. मात्र त्याच यंत्राच्या तबकडीवर उतरवून ठेवलेल्या टिफ प्रतिमा ते आजही विनातक्रार उघडते. बाहेर जाण्याची शक्ती गेली, आतले शाबूत आहे. ‘बासनात गुंडाळून ठेवणे’ हा वाक्प्रचार आपण दुर्लक्ष करणे या अर्थाने वापरतो. मूळ बासन पोथी जपण्यासाठी होते, याचा येथे विसर पडू नये.

उतरवणे आणि वाचणे यांतील अंतराबद्दलही दोन शब्द लिहिले पाहिजेत. यंत्राने ग्रंथ आणला म्हणजे तो आपल्यात आला असे होत नाही. हाताने पोथी उतरवणाऱ्याच्या डोळ्यांखालून निदान प्रत्येक अक्षर जाई. आज्ञावलीने ते कष्ट वाचवले आणि त्याबरोबर तो परिचयही वाचवला. हजारो ग्रंथ बाळगणारा आणि त्यांतील एकही न उघडलेला संग्राहक हा या काळाचा विशेष आहे, अशी तक्रार नेहमी ऐकू येते. तिच्यात तथ्य आहे. पण लेखनिकाचे काम आणि वाचकाचे काम ही दोन कामे आहेत. पैठणच्या वा वाईच्या एखाद्या घरात पिढ्यान् पिढ्या न वाचलेले बाड जपून ठेवणाऱ्याने पुढच्या अभ्यासकावर जे उपकार केले, ते वाचले नाही म्हणून कमी होत नाहीत. ज्याला वाचणे झाले नाही त्याने निदान नीट ठेवावे.

आणि नीट ठेवणे म्हणजे काय, येथे सारा प्रश्न येऊन थांबतो. आज विद्यार्थ्यांच्या पेनड्राइव्हवर जुन्या मराठी ग्रंथांच्या प्रती असतात, परंतु कोठून आल्या, कोणत्या आवृत्तीच्या, किती पानांच्या, त्यांतील कोणती पाने गळलेली, याची नोंद नसते. फाइलीचे नाव कोणीतरी आपल्या सोयीने रोमन लिपीत ठेवलेले असते. एका प्रतीत पृष्ठ ११२ नंतर ११५ येते आणि त्याच प्रतीवरून प्रबंध लिहिला जातो. यंत्राने केलेली नक्कल निर्दोष असली तरी मूळ टिपताना दोन पाने चिकटून राहिली असतील, तर निर्दोष नक्कल तोच दोष दहा ठिकाणी पोचवते. एकनाथांच्या काळी अपपाठ शिरायला शतके लागली. आता एक रात्र पुरते.

म्हणून आमची सूचना साधी आहे. उतरवून घेतलेल्या प्रत्येक ग्रंथाच्या कप्प्यात एक छोटी मजकुराची फाइल असावी, युनिकोडात आणि शुद्ध मराठीत. तिच्यात लेखकाचे नाव देवनागरीत, ग्रंथाची आवृत्ती आणि छापखाना, ज्या पत्त्यावरून घेतला तो पत्ता, घेतल्याचा दिनांक, पानांची संख्या, न मिळालेल्या पानांचे क्रमांक आणि फाइलींच्या मुद्रा एवढे असावे. दहा मिनिटांचे काम आहे. आमच्या संग्रहातील सीड्या एकेक करून नव्या तबकडीवर नेताना आम्ही सध्या तेच करत आहोत. जी सीडी वाचली जात नाही तिचीही नोंद ठेवतो, कारण काय नाहीसे झाले हे कळणे हाही इतिहास आहे. पाठचिकित्सा शिकवणाऱ्या अध्यापकांनी एम. ए. च्या वर्गात ज्ञानेश्वरीच्या पाठभेदांबरोबर हा एक अभ्यास द्यावा: प्रत्येक विद्यार्थ्याने हक्क संपलेला एक मराठी ग्रंथ उतरवून घ्यावा, पाने मोजावी, गळलेली शोधावी, ग्रंथालयातील कागदी प्रतीशी ताडून पाहावी आणि अखेरीस आपल्या नावाने पुष्पिका लिहावी. वर्गात तीस विद्यार्थी असले तर वर्षाला तीस ग्रंथांच्या विश्वसनीय प्रती तयार होतील, आणि त्या तीस निरनिराळ्या घरांत असतील.